ठाणं दोनदा सोडलेल्या घराचा माहितीपट

हे प्रकरण अभ्यासासाठी रचलेलं आहे. दिग्दर्शिका, तिचं कुटुंब आणि शाळा कल्पित आहेत; इतिहास, सणांच्या तारखा, नियम आणि यंत्रांचं वागणं मात्र खरं आहे. परदेशात वाढून आपल्याच गावावर कॅमेरा रोखणाऱ्याला ज्या अडचणी येतात, त्यातल्या बहुतेक इथे एकत्र आल्या आहेत.

दिग्दर्शिका बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या ज्यू समाजातल्या, कुटुंबातली. जन्म १९६८ चा, ठाण्यात, टेंभी नाक्यामागच्या एका चाळीत. १९७७ साली, तिसरीत असताना, ती आईवडिलांबरोबर इस्राएलला गेली आणि अश्दोदमध्ये वाढली. तिथे बरीच वर्षं टीव्हीसाठी संकलन केलं, दोन लघुपट स्वतःचे केले. २०२४ साली तिला पहिला मोठा माहितीपट करायचा होता. लांबी ७५ मिनिटं, विषय सुटलेलं घर. निधी मागताना दिलेल्या टिपणात कथा सरळ रेषेत होती: चाळीतलं बालपण, विमान, परका देश, सत्तेचाळीस वर्षांनी परत येणं आणि जुन्या दाराशी उभं राहणं.

अशी टिपणं पटकन मंजूर होतात, आणि घोटाळा तिथूनच सुरू होतो. मंजूर करणाऱ्याला शेवट आधीच आवडलेला असतो.

थोडी पार्श्वभूमी हवी. अलिबागजवळच्या नवगावच्या किनाऱ्यावर फुटलेलं गलबत, वाचलेली सात जोडपी ही समाजाची स्वतःची उगमकथा. पुढे कुलाबा (आजच्या रायगड) जिल्ह्यातल्या गावांत तेलाचे घाणे चालवणारे आणि शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून 'शनिवार तेली'. आडनावं गावांवरून: पेणकर, चेऊलकर, दिवेकर, झिराडकर. ठाण्याचं शआर हशामयीम हे सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, १८७९ चं. १९४८ नंतर समाजातले बहुसंख्य लोक इस्राएलला गेले, आणि आज भारतात जे उरलेत त्यातले बरेचसे मुंबई-ठाण्यात आहेत. सगळे इस्राएललाच गेले असंही नाही. हिंदी सिनेमात 'डेव्हिड' या एका नावाने ओळखले जाणारे डेव्हिड अब्राहम चेऊलकर शेवटी कॅनडात वारले.

जानेवारी २०२४ मध्ये ती पाहणीला आली तेव्हा चाळ नव्हती. तिथे इमारत उभी होती, खाली दोन मजले पार्किंग. रस्त्यांची नावं, दुकानं, घरांचे क्रमांक सगळं बदललेलं, त्यामुळे नेमका भूखंड तोच का, इथपासून सुरुवात. अशा वेळी लोक सातबारा शोधत बसतात. शहरातल्या भूमापन झालेल्या भागात त्याचा उपयोग नसतो. तिथे मिळकत पत्रिका लागते आणि ती सिटी सर्व्हे नंबरावर निघते. नंबर माहीत नसेल तर महापालिकेची जुनी मालमत्ता कराची पावती शोधायची, त्यावरच्या मालकाच्या नावावरून नगर भूमापन कार्यालयात मागे जायचं. हिच्या घरी १९७४ ची भाडेपावती होती. पावतीवर घरमालकाचं पूर्ण नाव होतं, तेवढं पुरलं.

भूखंड सापडला, पण दार नव्हतं. मग फाटकावरच्या सुरक्षारक्षकाची मुलाखत झाली. तो जौनपूरकडचा, गाव सोडून आलेला. 'तोही विस्थापित, मीही विस्थापित' असं जुळवण्याचा मोह तिथे कुणालाही होईल. दोघांच्या जाण्यात साम्य जवळपास नाही: एक जण दर वर्षी गावी जातो आणि घरी पैसे पाठवतो, दुसरीचं कुटुंब कायमचं नागरिकत्व बदलून गेलं. चांगलं चित्रित झालेलं ते दृश्य संकलनात गेलं, ते योग्यच झालं.

पाहणीच्या शेवटी शेवटी ती वडिलांच्या चुलत बहिणीकडे गेली. आत्या ७९ वर्षांच्या, ठाण्यातच राहिलेल्या. फोटो बघता बघता त्या सहज म्हणाल्या, "तुझे आजोबा गेले होते की आधी. दोन वर्षांत परत आले. बाबानं सांगितलं नाही तुला?"

सांगितलं नव्हतं. घरातल्या सगळ्या गोष्टी १९७७ पासून सुरू होत.

इतिहासात याला जागा आहे. सुरुवातीच्या काळात गेलेल्या बेने इस्राएल कुटुंबांपैकी काहींनी कामाची, घरांची आणि रंगावरून होणाऱ्या भेदभावाची तक्रार करत १९५१ साली तेल अवीवमध्ये ठिय्या दिला आणि आम्हाला भारतात परत पाठवा अशी मागणी केली. १९५२ मध्ये एक तुकडी परत आली. त्यातले बरेच पुढे पुन्हा इस्राएलला गेले. नंतर १९६२ मध्ये तिथल्या मुख्य रब्बींनी (धर्मगुरूंनी) बेने इस्राएलांच्या विवाहाआधी वंशाची चौकशी करण्याचा आदेश काढला; त्यावरचं आंदोलन १९६४ पर्यंत चाललं आणि समाजाचा खास उल्लेख मागे घ्यावा लागला. दुसरी घटना समाज अभिमानाने सांगतो, पहिली फारशी सांगत नाही. परत आलेल्या माणसाला दोन्हीकडे मान खाली घालावी लागली होती.

पण आत्यांची आठवण म्हणजे पुरावा नाही, आणि वडील (८२, अश्दोदला) फोनवर विषय टाळत होते. मग सहदिग्दर्शिकेने, जी ठाण्याचीच, सुचवलं: शाळा. महाराष्ट्रात जुन्या माणसाचा माग काढायचा तर शाळेच्या जनरल रजिस्टरइतकं भरवशाचं दुसरं काही नाही. त्यात नाव, जन्मतारीख, जात-धर्म, आधीची शाळा, प्रवेशाची तारीख, शाळा सोडल्याची तारीख आणि कारण हे सगळं एका ओळीत असतं. दाखल्याची दुसरी प्रत मागण्यासाठी अर्ज, नात्याचा पुरावा आणि वडिलांचं सहीचं पत्र लागलं. रजिस्टरमध्ये वडिलांचं नाव दोनदा निघालं. पहिली ओळ: सोडल्याची तारीख १९५० ची, कारण 'परदेशी जाणार'. दुसरी ओळ बऱ्याच पानांनंतर, नवा नंबर, प्रवेश जून १९५२, इयत्ता पुन्हा दुसरी. आधीच्या शाळेच्या रकान्यात नुसती आडवी रेघ. दोन वर्षं शाळेच्या हिशेबी कुठेच नव्हती.

या दोन ओळी चित्रित करायला अर्धा दिवस गेला. मुख्याध्यापकांची लेखी परवानगी आधी घेतली होती, पण अट होती की इतर मुलांची नावं दिसता कामा नयेत. धूसर करण्याचं काम संकलनावर ढकलू नये; कॅमेरा सरकला की ते डाग सरकतात आणि पान खोटं वाटायला लागतं. इथे काळ्या कार्डशीटला ओळीच्या उंचीची खाच कापून ते पानावर ठेवलं. जुनी वही दाबून सपाट केली तर शिवण उसवते, म्हणून पुठ्ठ्याखाली दोन्ही बाजूंना टॉवेलच्या घड्या. १०० मि.मी. मॅक्रो लेन्स, एकच लहान एलईडी दिवा बाजूने, अगदी खालच्या कोनात, म्हणजे शाईचा आणि टाकाने पडलेल्या खळीचा उठाव दिसतो. वरून उजेड टाकला की चकाकी येते आणि फोटोकॉपीसारखं सपाट चित्र मिळतं.

आता परवानग्या. तिच्याकडे ओसीआय कार्ड (परदेशी नागरिकत्व घेतलेल्या भारतीय वंशाच्या लोकांना मिळणारं) होतं आणि त्यावर सगळं भागतं असा तिचा समज होता. ४ मार्च २०२१ च्या अधिसूचनेनुसार ओसीआय धारकालाही पत्रकारिता, संशोधन, धर्मप्रचार, गिर्यारोहण अशा काही कामांसाठी विशेष परवानगी लागते. माहितीपट पत्रकारितेच्या इतका जवळ जातो की 'मी तर घरचंच चित्रित करतेय' हा युक्तिवाद विमानतळावर करण्यात अर्थ नाही. इस्राएलमधल्या भारतीय दूतावासामार्फत अर्ज केला: पटकथेचा सारांश, ठिकाणांची आणि माणसांची यादी, सामानाची यादी. काही महिने जातात हे धरूनच वेळापत्रक आखावं. रस्त्यावरच्या चित्रीकरणासाठी गोरेगावच्या चित्रनगरीमार्फत चालणारी राज्याची एक खिडकी यंत्रणा आहे. शिवाय स्थानिक पोलीस ठाण्याला पत्र. सिनेगॉगचं वेगळं. २००८ च्या नरिमन हाउसवरच्या हल्ल्यानंतर ज्यू स्थळांवर बंदोबस्त असतो, त्यामुळे विश्वस्तांना सगळ्या चमूची ओळखपत्रं, पासपोर्टच्या प्रती आणि कोणत्या दिवशी कोण आत येणार याची यादी आगाऊ दिली. यादीबाहेरचा ध्वनिमुद्रक ऐनवेळी आणला तर तो बाहेरच थांबेल, आणि त्यात वाईट वाटून घेण्यासारखं काही नाही.

ड्रोनचं थोडक्यात: फेब्रुवारी २०२२ पासून परदेशी ड्रोन आयात करायला बंदी आहे, तेव्हा बॅगेत आणू नये. नवगावच्या स्मारकावरून समुद्राचं दृश्य घ्यायचं तिच्या मनात होतं. शेजारी थळचा खत कारखाना. त्यामुळे विचार सोडला, काही बिघडलं नाही.

चित्रीकरणाची तारीख ठरवणं हा या प्रकरणातला सगळ्यात शहाणपणाचा निर्णय. हिब्रू पंचांग आणि आपलं पंचांग दोन्ही चांद्र, दोन्हींत अधिक महिना, पण तो एकाच वर्षी पडेल असं नाही. त्यामुळे काही वर्षं रोश हशाना, म्हणजे ज्यू नववर्ष, घरातल्या बोलीत नव्याचा सण, आणि घटस्थापना अगदी चिकटून येतात. तेव्हा दारफाळणीचा सण, म्हणजे उपासाचा योम किप्पूर, दसऱ्याला येतो. २०२३ मध्ये मध्ये महिन्याचं अंतर होतं. २०२४ मध्ये रोश हशाना २ ऑक्टोबरच्या संध्याकाळी लागला, घटस्थापना ३ ला. १२ ऑक्टोबरला योम किप्पूर आणि दसरा एकाच दिवशी. टेंभी नाक्यावर नवरात्र म्हणजे काय हे ठाणेकराला सांगायला नको. त्या दिवसांत तिथे मुलाखत ध्वनिमुद्रित करणं अशक्य. त्याआधी ७ ते १७ सप्टेंबर गणपती. मधला मोकळा पट्टा उरतो तो पितृपक्षाचा, १८ सप्टेंबर ते २ ऑक्टोबर. त्या पंधरवड्यात कोणी मुहूर्त करत नाही, लग्नं नाहीत, त्यामुळे कॅमेरा, दिवे, माणसं सहज मिळतात आणि भाड्यात घासाघीस करता येते. शिवाय हाच हिब्रू पंचांगातला एलूल महिना; सिनेगॉगमध्ये पहाटे सलिहोतच्या, म्हणजे क्षमायाचनेच्या, प्रार्थना होतात आणि साध्या वारी असल्याने चित्रित करता येतात. शब्बाथ (शनिवारचा विश्रांतीचा दिवस) आणि मोठ्या सणांना आत कॅमेरा नाहीच.

१४ दिवसांपैकी दोन शनिवार सुट्टी, दोन शुक्रवार अर्धे. शुक्रवारी सूर्यास्त साडेसहाच्या आसपास, म्हणून पाचला सामान आवरायचं. चमू चौघांचा. प्रार्थनेच्या वेळी बायका वेगळ्या बसतात. दिग्दर्शिका तिथे, छायालेखक पुरुषांमध्ये, डोकं झाकून. तिला मॉनिटर दिसत नव्हता. यावर उपाय आदल्या दिवशी रिकाम्या सभागृहात केला: कॅमेऱ्याच्या तीन जागा जमिनीवर टेप लावून ठरवल्या, प्रत्येक जागेवरून काय घ्यायचं आणि काय नाही ते कागदावर लिहिलं. तोराची (धर्मग्रंथाची) पेटी कॅमेऱ्यासाठी उघडायला सांगायचं नाही, ही पहिली ओळ.

मलिदा, म्हणजे ताट मांडून करायचा आभाराचा विधी, खऱ्या नवसाचा होता, आत्यांच्या शेजारणीकडे. ताटात गोड पोहे: एक किलो पोह्यांना दोन नारळांचा चव, अर्धा किलो साखर, वेलची, बदाम-पिस्ते, भोवती पाच फळं, सुगंधाला सब्ज्याची डहाळी आणि गुलाब. एलियाहू हन्नावी या प्रेषिताचं गाणं, एकेका पदार्थावर आशीर्वचन, मग वाटप. अडचण अशी की ताट पाच मिनिटांत रिकामं होतं आणि जवळची दृश्यं राहून जातात. पुन्हा ताट मांडून 'आता परत म्हणा' असं सांगणारे दिग्दर्शक आहेत. इथे स्वयंपाकघरात पोह्यांचा वेगळा अर्धा किलो आधीच बाजूला काढला, त्यावर प्रार्थना झालेली नव्हती. भिजवणं, चव मिसळणं, वेलची कुटणं हे सगळं दुसऱ्या दिवशी त्यावर घेतलं. प्रार्थना एकदाच, जशी आली तशी. थोडी हललेली आहे आणि चित्रपटात तशीच ठेवली आहे. पोह्यांबद्दल एक: पातळ पोहे चित्रात लगदा दिसतात, जाड घ्यावेत. पंखा बंद केल्यावर बायका घामाने हैराण झाल्या, म्हणून दर दहा मिनिटांनी थांबून पंखा लावायचा, आणि प्रत्येक खोलीचा साठ सेकंद मोकळा आवाज, पंख्यासह आणि पंख्याविना, असा दोनदा घ्यायचा. नंतर जोड लपवताना दोन्ही लागतात.

तिचं मराठी तिसरीतल्या मुलीचं. म्हाताऱ्या माणसांना ती 'काका, मामी' म्हणून सहज बोलतं करायची, तीही तिला लहान समजून मोकळेपणाने बोलायची. मात्र कर्ज, भाडेकरार, समाजातले तंटे यांवर प्रश्न विचारायला तिच्याकडे शब्दच नव्हते. दुभाष्या मध्ये बसवला की बोलणाऱ्याची नजर त्याच्याकडे जाते. म्हणून सहदिग्दर्शिका कॅमेऱ्याला खेटून, तिच्या मागे बसायची आणि अवघड प्रश्न ती विचारायची. नजरेची दिशा बदलत नव्हती.

१ ऑक्टोबरला इस्राएलवर इराणचा क्षेपणास्त्र हल्ला झाला, परतीचं विमान रद्द झालं. हातात अचानक मोकळे दिवस आले तरी योम किप्पूरला तिने काही घेतलं नाही. सहदिग्दर्शिकेने मात्र आदल्या संध्याकाळी रस्त्याचा आवाज घेतला: पांढऱ्या कपड्यांत सिनेगॉगकडे निघालेली माणसं, नाक्यावर देवीचे ढोल. त्यावर दृश्य लावलेलं नाही.

जुनी सामग्री दोन प्रकारची होती. १९७१ साली अश्दोदहून आलेल्या एका नातेवाइकाने घेतलेली रेग्युलर ८ ची (घरगुती ८ मि.मी. फिल्मची) चार रिळं, आणि दोन्ही घरांमधून पत्रांऐवजी जाणाऱ्या कॅसेटी. डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास आला तर फिल्मचं ॲसिटेट सडायला लागलं आहे. ते थांबवता येत नाही, मंदावता येतं, आणि अशी रिळं चांगल्या रिळांपासून ताबडतोब वेगळी करावी लागतात. आकसलेली फिल्म दातेरी चाकाच्या प्रोजेक्टरवर चढवली तर छिद्रं फाटतात, तेव्हा दाते नसलेला स्कॅनरच हवा. कुटुंबाने पूर्वी एका दुकानातून 'कॉपी' करून घेतली होती, त्यात सगळे धावत चालतात. कारण सोपं आहे: ५० फुटांच्या रिळात साधारण ४००० चौकटी, मूळ वेग सेकंदाला १६, म्हणजे चार मिनिटं दहा सेकंद, २५ च्या वेगाने सोडलं की ते दोन मिनिटं चाळीस सेकंदांत संपतं. चौकट-चौकट स्कॅन करून घ्यायचं आणि वेग आपण १६ ला बांधायचा. कॅसेटींत आवाज दबका, बोदा वाटला तर लगेच सॉफ्टवेअरकडे वळू नये; आधी हेडचा कोन छोट्या स्क्रूने, कानाने ऐकत, 'स' आणि 'श' स्वच्छ होईपर्यंत जुळवावा. दाब देणारी स्पंजची गादी गळून पडली असेल तर पट्टी दुसऱ्या कवचात घालावी.

चित्रीकरण ६० तासांचं झालं. सेकंदाला १०० मेगाबिटच्या दराने तासाला ४५ जीबी, म्हणजे २.७ टीबी, आणि तीन प्रती म्हणजे आठ टीबीच्या वर. तिसरी प्रत आत्यांच्या कपाटात ठेवली होती. विमान रद्द झाल्यावर त्याचं महत्त्व कळलं.

पहिला कट ७८ मिनिटांचा आणि फसलेला. इंग्रजी निवेदन होतं आणि ते सगळं समजावत होतं: पोहे म्हणजे काय, चाळ म्हणजे काय, हा समाज कोण. ठाण्यात नऊ जणांना दाखवल्यावर एका काकांनी विचारलं, "हे तू कोणाला सांगतेयस?" तेच या प्रकरणातलं निदान. चित्रपट आत्यांशी बोलत होता, वडिलांबद्दल बोलत होता, आणि भाषा मात्र महोत्सवातल्या अनोळखी परीक्षकाची होती. मुळातल्या टिपणाचा शेवटही अजून तसाच चिकटलेला होता. रजिस्टरची ती दोन ओळींची पानं पन्नासाव्या मिनिटाला यायची, जणू रहस्यकथेचा उलगडा.

दुसऱ्या कटमध्ये निवेदन काढलं आणि रजिस्टर सातव्या मिनिटाला आणलं. आता प्रश्न राहिला वडिलांचा. कॅमेरा लावला की ते ताठ बसून राष्ट्राबद्दल बोलत. तिने दाखल्याचा फोटो त्यांच्यासमोर ठेवला आणि फक्त ध्वनिमुद्रक चालू केला. चाळीस मिनिटं बोलणं झालं, मराठीत. जून १९५२ मध्ये पुन्हा दुसरीत बसवल्यावर मुलं काय म्हणाली, इथपासून. ते बोलणं १९७१ च्या मुक्या रिळांवर लावलं. रिळांत १९५२ चं काहीच नाही, आणि तसं भासवलेलंही नाही. कोपऱ्यात साल लिहिलं आहे. अंतिम लांबी ५४ मिनिटं.

आत्यांनी संमतीपत्रावर सही केली होती, तरी कट पाहून आजोबांच्या कर्जाचा भाग काढायला सांगितला. कायद्याने तो ठेवता आला असता. काढला. संमती दोनदा घ्यावी, मुलाखतीआधी आणि कट दाखवून, आणि पत्र मराठीत असावं. इंग्रजी छापील नमुन्यावर म्हातारी माणसं सही करतात ती विश्वासाने, वाचून नव्हे.

सबटायटलचे तीन संच झाले: हिब्रू, इंग्रजी, आणि हिब्रू संवादांपुरतं मराठी. दोन ओळी, ओळीत चाळीसच्या आसपास अक्षरं. हिब्रू उजवीकडून डावीकडे जातं, त्यामुळे फाइल निर्यात करताना पूर्णविराम आणि प्रश्नचिन्ह ओळीच्या चुकीच्या टोकाला उड्या मारतात, वर्षांचे आकडे असतील तर शब्दांचा क्रमही फिरतो. प्रत्येक ओळीला दिशादर्शक खूण घालून, अंतिम प्रतीवर, हिब्रू वाचणाऱ्या माणसाकडूनच तपासून घ्यावं. मराठी संचात सणांची नावं घरच्या बोलीतली ठेवली, नव्याचा सण, दारफाळणी, खिरीचा सण; हिब्रू संचात हिब्रू नावं.

भारतात सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतं, महोत्सवासाठी माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून सूट मिळवता येते. दोन्हींचे अर्ज कट पक्का झाल्यावरच करावेत. प्रमाणपत्रानंतर केलेला प्रत्येक बदल पुन्हा मंडळाला कळवावा लागतो. न वापरलेल्या मुलाखतींचे जवळपास पन्नास तास उरले आहेत. त्यांची एक प्रत, मुलाखतींच्या मराठी सूचीसह, ठाण्यात कुणाच्या ताब्यात द्यायची आणि दर वर्षी ड्राइव्ह चालू करून पाहण्याची जबाबदारी कोणाची, याचा करार अजून व्हायचा आहे.